पाण्याचा आधार



पवनारला धाम नदींत पोहावयास शिकणाऱ्या मुलांना मी नेहमीं सांगत असें कीं, पाण्याशीं झगडूं नका. तें तुम्हांस उचलावयास तयारच असतें. या साध्या वाक्याचा पुरा अर्थ मला मुरलीकांत पेटकरांच्या चरित्रांत सांपडला.

१९४४ सालीं सांगली जिल्ह्यांत जन्मलेले पेटकर सैन्यांत होते व मुष्टियुद्धांत त्यांनीं नांव मिळविलें होतें. १९६५ च्या भारत-पाक युद्धांत त्यांच्या देहांत गोळ्या घुसल्या. एक पाठीच्या कण्याशीं रुतली आणि कमरेखालचें बळ गेलें. पुढें उपचार म्हणून त्यांनीं पोहणें आरंभिलें.

यामागचें शास्त्र सोपें आहे. शरीर जितकें पाणी बाजूस सारतें, तितक्या पाण्याच्या वजनाइतका जोर त्यास वर लोटतो. म्हणून जमिनीवर न पेलणारा देह पाण्यांत जवळजवळ भारहीन होतो. परंतु तरंगणें म्हणजे शर्यत जिंकणें नव्हे. पायांचा फटकारा नसला कीं खालचें अंग बुडूं लागतें व पाण्याचा अडथळा वाढतो. मग देह सरळ राखणें आणि पुढें नेणें, हीं दोन्ही कामें बाहूंनाच करावीं लागतात.

१९७२ सालीं पश्चिम जर्मनींतील हायडेलबर्गच्या पॅरालिंपिक स्पर्धेंत पेटकरांनीं ५० मीटर अंतर ३७.३३ सेकंदांत तोडलें. पॅरालिंपिकमधील भारताचें तें पहिलें सुवर्णपदक. पद्मश्री मात्र त्यांस २०१८ सालीं मिळाली. पाण्यानें त्यांस तात्काळ उचललें. आम्हांस त्यांची ओळख पटावयास ४६ वर्षें लागलीं.