गेम सुरूच होईना!

"मामा, या की लवकर! गेम सुरूच होईना झालाय बघा!"

दिवाळीच्या सुट्टीत मी बहिणीकडे मैंदर्गीला गेलो होतो. अक्कलकोटहून दुधनीकडे जाणाऱ्या रस्त्यावरचं हे गाव. छोटंसंच, पण नगरपरिषद असलेलं. कर्नाटकची हद्द इथून अगदी जवळ. त्यामुळे इथली बरीच मुलं घरात कन्नड, शाळेत मराठी आणि कॉम्प्युटरसमोर बसली की मोडकंतोडकं इंग्रजी बोलतात. माझा आठवीतला भाचाही त्यातलाच.

दाजींनी नुकताच सोलापुरातून एक जुना, वापरलेला कॉम्प्युटर आणला होता. त्यात बारावीतल्या भाचीच्या नोट्स, दाजींचा तुरीचा हिशेब आणि घरातल्या लग्नाचे फोटो असं सगळं होतं. भाच्याने वाढदिवसाला मिळालेले पैसे साठवून एक गाड्यांच्या शर्यतीचा गेम विकत घेतला. डाऊनलोड व्हायला दोन दिवस लागले. आणि आता त्या चित्रावर कितीही टिकटिक केलं तरी ढिम्म! काही उघडायचं नावच नाही.

"आता एकच उपाय," भाचा म्हणाला. "सगळं पुसून टाकतो आणि विंडोज नव्यानं घालतो. माझ्या मित्रानं तसंच केलं होतं."

"आणि माझ्या नोट्स?" भाची आतून ओरडलीच.

तेवढ्यात दाजी शेतावरून आले. त्यांना कॉम्प्युटरमधलं फारसं कळत नाही. सगळं ऐकून ते दारातूनच म्हणाले, "मोटार चालू होईना म्हणून विहीर बुजवतेत का रे कुणी?"

आम्ही सगळे हसलो. पण दोस्तांनो, त्या एका वाक्यात अर्धं उत्तर होतं, बरं का!

मोटार आणि गेम

मी दाजींना विचारलं, "मोटार सुरू झाली नाही तर तुम्ही काय करता?"

"काय करणार? आधी लाईट हाय का बघायचं. मग तिन्ही फेज हायत का. मग फ्यूज, मग स्टार्टर, मग केबल. मोटार चालू होऊनबी पाणी येईना, तर शेवटी पाण्यातला फूटव्हॉल्व्ह. सोपं ते आधी, अवघड ते मागनं. आणि एका टायमाला एकच बघायचं. दोन गोष्टी एकदम बदलल्या की नेमकं कशानं चालू झालं ते कळतच नाही."

गेम सुरू करायचा मार्गही हाच. भाच्याला म्हटलं, "एक जुनी वही घे आणि पेन घे." तो खट्टू झाला. गेमसाठी वही कशाला? पण घेऊन आला.

पहिलं काम मात्र गेमचं नव्हतं. भाचीच्या नोट्स, फोटो आणि हिशेब आम्ही पेन ड्राइव्हवर उतरवून घेतले. आता काही बिघडलं तरी नुकसान होणार नव्हतं. भाची शांत झाली आणि आमच्या शेजारी येऊन बसली.

'ओके' दाबण्याआधी

"गेम उघडायला गेलास तेव्हा पडद्यावर काय आलं होतं?" मी विचारलं.

"काहीतरी इंग्रजी आलं होतं. मी ओके केलं."

खरं सांगा, तुम्हीही असंच करता ना? चौकट आली की न वाचता ओके! अहो, पण डॉक्टर "काय दुखतंय?" असं विचारत असताना आपण त्यांचं तोंड बंद करावं, तसंच झालं हे! पुन्हा गेम उघडून ती चौकट आम्ही नीट वाचली आणि अक्षर न् अक्षर वहीत उतरवली. 'व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल' नावाची फाईल सापडत नाही, असं तीत लिहिलं होतं.

आता ही डीएलएल म्हणजे काय? गावात लग्न असलं की प्रत्येक घर स्वतःची मोठमोठी पातेली विकत घेत नाही. ती मंडळाकडे ठेवलेली असतात. ज्याचं कार्य असेल तो आणतो आणि वापरतो. डीएलएल ही कॉम्प्युटरमधली तशी सामाईक भांडी. अनेक प्रोग्रॅमना लागणारी कामं एकाच फाईलमध्ये लिहून ठेवलेली असतात. आमच्या गेमने स्वयंपाकाला सुरुवात केली, पण खोलीत पातेलंच नव्हतं!

भाचा म्हणाला, "मग नेटवर ती एकच फाईल मिळते की! मी साइट शोधूनपण ठेवलीय. फक्त अँटीव्हायरस बंद करा म्हणून सांगायलेत तिथं."

थांबा! धोका इथेच असतो. रस्त्यावर अनोळखी माणसाने दिलेलं पातेलं आपण लग्नाच्या स्वयंपाकाला घेतो का? अशा सुट्या फाईलमध्ये व्हायरस असू शकतो. आणि "आधी पहारेकऱ्याला बाहेर काढा" असं सांगणारा पाहुणा कसा असेल, ते तुम्हीच ठरवा. ही फाईल ज्या संचातली आहे, त्याचं नाव 'व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल'. तो मायक्रोसॉफ्टच्याच साइटवर फुकट मिळतो. त्याचे ३२ बिट आणि ६४ बिट असे दोन प्रकार असतात. कॉम्प्युटर ६४ बिटचा असला तरी ३२ बिटच्या गेमला ३२ बिटचाच संच लागतो. म्हणून आम्ही दोन्ही घातले, कॉम्प्युटर बंद करून पुन्हा सुरू केला आणि गेम उघडला.

पडदा काळा झाला. दोन सेकंद गेली. आणि गेम बंद!

भाच्याचा चेहरा पडला. "जाऊ द्या मामा. काही उपयोग नाही."

"उपयोग नाही कसा? मघाशी चौकट आली होती, आता काळा पडदा आला. चूक बदलली म्हणजे आपण एक पायरी पुढं सरकलो. लिही वहीत!"

दुभाष्या हवा

आता कॉम्प्युटरचीच चौकशी करायची होती. विंडोजची कळ आणि 'आर' ही कळ एकदम दाबली की एक छोटी चौकट उघडते. तिच्यात 'डीएक्सडायग' असं इंग्रजी अक्षरांत लिहून एंटर दाबायचं. कॉम्प्युटर मग आपली सगळी माहिती देतो: विंडोज कोणतं, मेमरी किती, चित्र दाखवणारं यंत्र कोणतं. गेमला काय काय लागतं ते गेमच्या पानावर दिलेलंच असतं. दोन्ही शेजारी ठेवून आम्ही एकेक ओळ ताडून पाहिली. मेमरी पुरेशी होती. डिस्कवर जागा होती. पण चित्राच्या रकान्यात लिहिलं होतं, 'मायक्रोसॉफ्ट बेसिक डिस्प्ले अ‍ॅडॉप्टर'.

सापडला चोर! विंडोज नव्याने घालताना कुणीतरी ग्राफिक्सचा ड्रायव्हर घालायचा विसरला होता.

ड्रायव्हर म्हणजे दुभाष्या. भाच्याची आजी फक्त कन्नड बोलते आणि मला कन्नड येत नाही. "ऊटा आयता?" म्हणजे जेवण झालं का, एवढं एकच वाक्य मी शिकलोय. त्यावर आमचं रोजचं भागतं. पण आजीकडून तिच्या लहानपणीची गोष्ट ऐकायची असेल तर भाच्याला मध्ये बसवावं लागतं. विंडोजचा तो 'बेसिक' दुभाष्या माझ्यासारखाच. नोट्स, फोटो दाखवण्यापुरतं त्याला येतं. पण धावत्या गाड्या, सावल्या, धूळ हे सगळं एका सेकंदात कितीतरी वेळा रंगवायचं म्हटलं की त्याची बोबडी वळते!

ग्राफिक्सची चिप ज्या कंपनीची, तिच्याच साइटवरून आम्ही ड्रायव्हर उतरवायला घेतला. फाईल भली मोठी. अर्ध्यावर मोबाइलचा त्या दिवसाचा डेटा संपला आणि मग लाईटही गेली! आता उद्याच.

अंगणातल्या गोष्टी

अंधारात आम्ही अंगणात बसलो. भाचा कुरकुरत होता, "माझ्याच नशिबी असलं का येतंय?" मग मी त्याला तीन गोष्टी सांगितल्या.

पहिली १९४७ सालची. अमेरिकेत हार्वर्ड विद्यापीठाचा 'मार्क टू' नावाचा खोलीएवढा कॉम्प्युटर होता. ग्रेस हॉपर ज्या गटात काम करत, त्या गटाला ९ सप्टेंबरला त्याच्या एका रिलेमध्ये, म्हणजे विजेवर उघडमीट करणाऱ्या कळीत, चक्क एक पतंग अडकलेला सापडला! त्यांनी तो चिकटपट्टीने नोंदवहीत चिकटवला आणि खाली तशी नोंद केली. यंत्रातल्या दोषाला 'बग' म्हणजे किडा म्हणायची पद्धत त्याआधीपासूनच होती. एडिसनने १८७८ मध्येच तो शब्द वापरला होता. इथे मात्र खरोखरचा किडा निघाला. ती नोंदवही आज अमेरिकेतल्या स्मिथसोनियन संग्रहालयात जपून ठेवली आहे. "बघ," मी म्हटलं, "त्यांच्याकडेही वही होती!"

दुसरी गोष्ट गमतीची. 'टर्बो पास्कल' या भाषेत लिहिलेले बरेच प्रोग्रॅम आणि गेम सुरू होतानाच कॉम्प्युटरचा वेग मोजत. घड्याळाच्या एका ठोक्यात, म्हणजे सुमारे ५५ मिलिसेकंदांत, किती आकडे मोजून होतात ते पाहायचं आणि त्याला ५५ ने भागायचं. उत्तर ठेवायला जो डबा होता, त्यात ६५,५३५ पेक्षा मोठी संख्या मावत नव्हती. १९९० नंतरच्या दशकात कॉम्प्युटर झपाट्याने वेगवान झाले. साधारण २०० मेगाहर्ट्झच्या पुढे उत्तर डब्यात मावेना आणि प्रोग्रॅम सुरू होताक्षणीच बंद! म्हणजे कॉम्प्युटर फार चांगला होता म्हणून गेम चालत नव्हता! पडद्यावर यायचं 'रनटाइम एरर २००', म्हणजे शून्याने भागाकार झाला. आणि शून्य तर कुठेच नव्हतं! म्हणून संदेश नीट वाचायचा, पण तोच अखेरचा शब्द मानायचा नाही.

तिसरी गोष्ट 'सिमसिटी' या शहर वसवण्याच्या गेमची. त्याच्या विंडोजवरच्या पहिल्या आवृत्तीत एक चूक राहून गेली होती. मेमरीतली जागा "मला नको" म्हणून परत केल्यावरही गेम तिथेच जाऊन वाचत असे. भाड्याची खोली सोडल्यावर पुन्हा तिथेच जाऊन कपाट उघडावं तसं! जुन्या विंडोजमध्ये ती खोली लगेच कुणाला दिली जात नसे, म्हणून चालून जाई. १९९५ मध्ये बाजारात आलेल्या विंडोज ९५ च्या चाचण्या सुरू असताना मात्र गेम चालेना. मायक्रोसॉफ्टच्या माणसांनी चूक शोधली आणि विंडोजमध्येच खास सोय केली: सिमसिटी चालू असेल तर सोडलेली खोली लगेच रिकामी करायची नाही! चूक गेमची होती, पण पाहुण्यासाठी यजमानानेच सांभाळून घेतलं.

भाचा हसायला लागला. "म्हणजे एवढ्या मोठ्या लोकांचंपण बिघडतंय!"

"बिघडतं की! पण ते विहीर बुजवत नाहीत."

तुमच्या गेमसाठी

दुसऱ्या दिवशी ड्रायव्हर पूर्ण उतरला. तो घातला, कॉम्प्युटर पुन्हा सुरू केला. भाच्याने डोळे मिटून गेमवर टिचकी मारली. काळा पडदा... एक... दोन... आणि गाड्यांचा आवाज घुमला! आजीसुद्धा स्वयंपाकघरातून बघायला आली.

भाच्याच्या वहीतली यादी तुमच्यासाठी इथे देतो. याच क्रमाने करा, एका वेळी एकच बदल करा आणि प्रत्येक बदलानंतर गेम उघडून पाहा.

१. महत्त्वाच्या फायली आधी दुसरीकडे उतरवून ठेवा.

२. पडद्यावरचा संदेश जसाच्या तसा वहीत लिहा.

३. कॉम्प्युटर बंद करून पुन्हा सुरू करा. हसू नका, कितीदा तरी एवढ्यानेच भागतं!

४. गेम आधी चालत होता का? असेल, तर मध्यंतरी काय बदललं ते आठवा.

५. गेमला काय लागतं आणि आपल्याकडे काय आहे, ते ताडून पाहा. विंडोजची आवृत्तीही बघा. 'स्टीम'ने १ जानेवारी २०२४ पासून विंडोज ७ आणि ८ चा आधार थांबवला आहे.

६. उतरवताना लाईट किंवा नेट गेलं होतं का? मग एखादी फाईल अर्धवट असेल. स्टीममध्ये फायली तपासून घेण्याची सोय आहे. ती वापरली तर सगळा गेम पुन्हा उतरवावा लागत नाही.

७. ग्राफिक्सचा ड्रायव्हर आणि लागणारे संच मूळ कंपनीकडूनच घ्या.

८. गेम डॉसच्या काळातला असेल, तर आजच्या ६४ बिट विंडोजवर तो थेट चालणार नाही. त्याच्यासाठी 'डॉसबॉक्स' हा फुकट मिळणारा प्रोग्रॅम आहे. तो जुन्या कॉम्प्युटरचं हुबेहूब सोंग आणतो.

९. अनोळखी साइटवरची फाईल नको आणि अँटीव्हायरस बंद करणं तर नकोच. अडलात तर घरातल्या मोठ्यांना हाक मारा.

मी निघालो त्या सकाळी दाजी शेतावरून फोनवर सांगत होते की मोटार चालू होईना झालीय. भाच्याने लगेच वही काढली. "आप्पा, थांबा, मी येतो! कशाला हात लावत नाही, नुसतं लिहून घेतो." मी त्याला सायकलवरून शेताकडे जाताना पाहिलं आणि एसटी पकडली.

अक्कलकोट यायच्या आतच त्याचा फोन आला.

"मामा, पहिल्याच ओळीत सापडलं!"

"काय होतं?"

"लाईटच नव्हती!"