मानीव दिनांक : मागच्या तारखेची बढती

सरकारी कचेऱ्यांत 'मानीव दिनांक' या दोन शब्दांना मोठे वजन आहे. बढतीचा हुकूम आज निघाला, पण ती अमुक वर्षांपूर्वीच मिळाली असे मानायचे, हा त्याचा साधा अर्थ. कवितेत मानण्याला पैसे पडत नाहीत. इथे मात्र त्या मानण्यावर ज्येष्ठता, पगार आणि पुढे पेन्शन ठरते. म्हणूनच या दोन शब्दांसाठी आयुष्यभर खाली मान घालून काम केलेला माणूसही कोर्टाची पायरी चढतो.

आपल्या भागात ज्येष्ठतेचे हे भांडण जुने आहे. १ नोव्हेंबर १९५६ रोजी हैदराबाद राज्याचे विभाजन झाले आणि बीडसह मराठवाड्याचे पाच जिल्हे मुंबई राज्यात आले. जमिनीबरोबर कचेऱ्याही आल्या. निजामाच्या अमलात उर्दूत मिसली लिहिलेली माणसे आता नव्या राज्याच्या ज्येष्ठता यादीत बसवायची होती, आणि दोन्हीकडचे नियम वेगळे होते. 'रामचंद्र शंकर देवधर विरुद्ध महाराष्ट्र राज्य' हा खटला त्यातूनच उभा राहिला. हैदराबादेकडून आलेल्या तहसीलदारांचे म्हणणे असे, की उपजिल्हाधिकाऱ्याचे पद सगळ्या राज्याचे, पण बढतीची यादी विभागवार; मग एका विभागातला ज्येष्ठ मागे राहतो आणि दुसऱ्या विभागातला कनिष्ठ पुढे जातो. १९७३ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की बढतीची शक्यता घटली एवढ्याने सेवाशर्त बदलली असे होत नाही. मात्र राज्यपातळीच्या पदासाठी विभागवार यादी समान संधीच्या तत्त्वात बसत नाही. अर्जाला दहा-बारा वर्षे उशीर झाला, हा सरकारचा आक्षेपही तिथे टिकला नाही.

पण या उदाहरणावर विसंबून कोणी स्वस्थ बसू नये. पुढल्याच वर्षी तमिळनाडूच्या सदाशिवस्वामी खटल्यात त्याच न्यायालयाने बजावले, की बढती डावलली गेली तर सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात दाद मागावी.

दाद मागायची कुठे? राज्य सरकारी कर्मचाऱ्यांसाठी १९९१ पासून महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे 'मॅट' आहे. बीडकरांना त्याचे छत्रपती संभाजीनगरचे खंडपीठ. तिथे अंतिम हुकुमानंतर साधारण एक वर्षाची मुदत असते. जिल्हा परिषदेचे कर्मचारी 'मॅट'मध्ये जात नाहीत. त्यांना तिथल्याच उच्च न्यायालयाच्या खंडपीठाकडे रिट करावी लागते.

आता मिळते कोणाला, ते पाहू. राज्यघटनेच्या १६ व्या कलमाने मिळतो तो बढतीसाठी विचार होण्याचा हक्क. प्रत्यक्ष बढतीचा नव्हे. पात्र माणसाला चुकीने डावलून कनिष्ठाला बढती दिली असेल, तर कनिष्ठाची तारीख मागता येते. चौकशी चालू म्हणून निर्णय मोहोरबंद पाकिटात ठेवला आणि माणूस पूर्ण निर्दोष ठरला, तर १९९१ च्या जानकीरामन निकालाचा आधार आहे. 'काम नाही तर दाम नाही' हे तत्त्व अशा ठिकाणी सरसकट लावता येत नाही, कारण काम करायला तो तयारच होता. पण जागा रिकामी झाली त्या दिवसापासून बढती द्या, ही मागणी १९८९ च्या वडेरा खटल्यात फेटाळली गेली.

सर्वांत चटका लावणारी गोष्ट निवृत्तीच्या उंबरठ्यावरची. पश्चिम बंगालचे एक अधिकारी ३१ डिसेंबर २०१६ ला निवृत्त झाले. शिफारस दोन दिवस आधी झाली होती, पण अंतिम मंजुरी ४ जानेवारीला आली. २०२४ साली सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला, की वरच्या पदाचा कार्यभार घेतलाच नाही, तर मागच्या तारखेने त्याचे लाभ देता येणार नाहीत. चूक त्यांची नव्हती, पण नियमही नव्हता.

जिंकलेल्यांनाही पुष्कळदा कागदोपत्रीच पगारवाढ मिळते. मागची थकबाकी हाती येत नाही. तेव्हा ज्येष्ठता यादी निघाली की आपले नाव आणि तारीख स्वतः वाचावी, हरकत लेखी द्यावी आणि पोच जपून ठेवावी. साहेबांच्या तोंडी आश्वासनावर गेलेली वर्षे कोणतेही कोर्ट परत देत नाही.