राब्बी नव्हता, मग ग्रंथ आले कुठून?

सोळाव्या शतकात पोलंडच्या क्राकूफ शहरात राब्बी (यहुदी धर्मगुरू) मोशे इसर्लेस धर्मशास्त्रावर लिहीत होते. योसेफ कारो यांचा ‘शुल्हान आरुख’ हा यहुदी आचारांचा ग्रंथ १५६५ साली व्हेनिसमध्ये छापून आला. त्यात पोलंडकडच्या रीती आल्या नाहीत, म्हणून इसर्लेस यांनी जागोजागी टिपा जोडल्या. मतभेदांचेही ग्रंथ व्हावेत, एवढे पांडित्य तिथे होते!

आणि आपल्याकडे? कोकणातल्या पेण, रोहे, अष्टमी, किहीम, नवगाव या गावांतले बेने इस्राएल, म्हणजे इथले मराठी यहुदी, घाण्यावर तेल काढत. शनिवारी घाणा बंद, म्हणून लोक त्यांना ‘शनवार तेली’ म्हणत. गावांवरून आडनावे पडली: पेणकर, रोहेकर, किहीमकर. पण राब्बी एकही नव्हता, आणि कित्येक पिढ्या हाती धर्मग्रंथही नव्हता. उरले होते ते शब्बाथ (शनिवारची विश्रांती), सुंता, खाण्याचे नियम आणि ‘शेमा’ ही एवढीच प्रार्थना. परंपरा सांगते, डेव्हिड राहबी नावाच्या परदेशी यहुद्याने त्यांची परीक्षा घेतली. नाना जातींची मासळी बायकांपुढे ठेवली. त्यांनी यहुदी नियमाला चालणारी, पर आणि खवले असलेलीच तेवढी निवडली, बाकीची बाजूला सारली. शास्त्र स्वयंपाकघरात जिवंत राहिले होते! ही दंतकथा असली तरी मला ती फार खरी वाटते. राहबीने मग झिराडकर, राजपूरकर आणि शापूरकर या तीन घराण्यांतले काजी धर्मकार्यासाठी नेमले, असे म्हणतात.

खरे आश्चर्य एकोणिसाव्या शतकात घडले. मिशनरी जॉन विल्सन यांनी १८३२ साली हिब्रू व्याकरण मराठीतून छापले. धर्मांतर मात्र फार थोड्यांनी केले. बाकीच्यांना हिब्रू आपल्याच धर्मासाठी हवी होती. १८४६ साली मुंबईत वल्हांडण सणाच्या रात्री वाचायचा ‘हगादा’ मराठी भाषांतरासह निघाला. १८७४ साली पुण्यात विठ्ठल सखाराम अग्निहोत्री यांच्या शिळाप्रेसवर छापलेल्या हगाद्यात तर बेखमीर भाकरी करणाऱ्या बायका चक्क लुगडी नेसून जमिनीवर बसल्या आहेत. दरम्यान, १८६३ साली पेणमध्ये सिनेगॉग, म्हणजे यहुदी प्रार्थनामंदिरही उभे राहिले.

या साऱ्यात मला सर्वांत थोर वाटतात ते जोसेफ इझिकेल राजपूरकर (१८३४–१९०५). मुंबईत डेव्हिड ससून यांच्या शाळेचे हे मुख्याध्यापक मुंबई विद्यापीठात हिब्रूचे परीक्षक होते. प्रार्थनांची पुस्तके एकामागून एक त्यांनी मराठीत आणली. आपण काय म्हणतो आहोत, हे म्हणणाऱ्याला कळावे, यासाठी एका शिक्षकाने आयुष्य वेचले. राब्बी ही पदवी नसेना का, काम तेच होते.

आणि रोहे? कुंडलिका नदीच्या पलीकडे रोह्याला लागूनच अष्टमी. तिचे नाव आडनावात मिरवणाऱ्या बेंजामिन शिमशोन अष्टमकर यांनी १८८० च्या सुमारास मुंबईत बेने इस्राएलांचे कीर्तन सुरू केले. तोच पूर्वरंग, तेच आख्यान. फक्त नायक अब्राहाम, योसेफ, मोशे! हिब्रू न येणारी आजीबाईही तोरा या धर्मग्रंथातली कथा ऐकू लागली. पुढे समाजातले बहुतेक जण इस्राएलला गेले, तेव्हा ही मराठी कीर्तनेही त्यांच्याबरोबर गेली आणि तिथल्या बायकांनी ती गायली.