कृष्णकमळ थंडीत झोपतं तेव्हा...

दोस्तांनो, कृष्णकमळाचं फूल तुम्ही अगदी जवळून पाहिलंय का? नसेल, तर एकदा मुद्दाम पाहा. बारीक जांभळ्या-निळ्या तंतूंचं गोल कडं, ते म्हणे शंभर कौरव. त्यांच्या आतले पाच पुंकेसर म्हणजे पांडव. आणि सगळ्यांत वर मधोमध तीन टोकं, ती ब्रह्मा, विष्णू आणि महेश. ही गोष्ट तुमच्या आजीनंही सांगितली असेल. (तंतू मोजून बघा हं. नेमके शंभर भरतीलच असं नाही!)

गंमत म्हणजे ही वेल मुळात आपली नाहीच! तिच्या बहुतेक जाती अमेरिकेतल्या, त्यातही दक्षिण अमेरिकेतल्या. तिथे गेलेल्या स्पॅनिश धर्मगुरूंना याच फुलात येशू ख्रिस्ताची गोष्ट दिसली. तंतू म्हणजे काट्यांचा मुकुट, पाच पुंकेसर म्हणजे पाच जखमा आणि तीन टोकं म्हणजे क्रुसाचे तीन खिळे. म्हणून इंग्रजीत हे झालं ‘पॅशन फ्लॉवर’. इथे ‘पॅशन’ म्हणजे ख्रिस्तानं सोसलेल्या यातना.

आता एक कोडं. उबेत वाढणाऱ्या वेलींच्या घराण्यातली ही वेल इंग्लंडमध्येही घरोघरच्या भिंतींवर फुलते. तिथे तर हिवाळ्यात पारा शून्याच्या खाली जातो, सकाळी गवतावर हिमकण साचतात. मग ती जगते कशी?

पहिली युक्ती म्हणजे योग्य जात निवडणं. तिथे लावतात ते निळं कृष्णकमळ. त्याचं शास्त्रीय नाव पॅसिफ्लोरा सेरुलिया. दक्षिण ब्राझील आणि अर्जेंटिना हे त्याचं माहेर. थोडा वेळ उणे १० अंश सेल्सिअसपर्यंतची थंडी ते सोसू शकतं.

दुसरी युक्ती भिंतीची. उत्तर गोलार्धात हिवाळ्यात सूर्य दक्षिणेकडे झुकलेला असतो. म्हणून वेल लावायची ती दक्षिणेकडे तोंड असलेल्या भिंतीशी. विटा दिवसभर ऊन पितात आणि रात्री ती ऊब हळूहळू परत देतात. जणू भिंत वेलीला गोधडीच पांघरते!

तिसरी युक्ती मुळांची. बुंध्याशी वाळक्या पानांचा वीतभर थर पसरायचा आणि पाणी साचू द्यायचं नाही. गारठा आणि चिखल एकत्र आले, की मुळं कुजतात.

एवढं करूनही कडक थंडीत पानं गळतात, फांद्या काळ्या पडतात. समजा, तुमची मावशी इंग्लंडमध्ये राहते. मार्चमध्ये तिचा फोन येतो, “अगं, माझी वेल गेली! उपटून टाकते आता.” तुम्ही काय सांगाल?

सांगा, “मावशी, थांब! आधी नखानं बघ.” फांदीची साल नखानं अगदी हलकेच खरवडायची. आत हिरवं दिसलं, तर फांदी जिवंत आहे. तपकिरी आणि कोरडं दिसलं, तर ती मेली. पण फांदी मेली म्हणजे वेल मेली असं नाही, बरं का! अमेरिकेच्या आग्नेय भागात ‘मेपॉप’ नावाचं कृष्णकमळ रानात वाढतं. थंडीत ते जमिनीपर्यंत वाळून जातं, मागमूसही उरत नाही. मुळं मात्र मातीत झोपलेली असतात. वसंत ऋतू सरत आला, की नवे कोंब वर येतात. ज्यानं घाईनं कुदळ चालवली, त्यानं झोपलेल्या वेलीलाच मारलं!

मग कात्री कधी लावायची? हिवाळ्याच्या आधी तर मुळीच नाही. छाटल्यावर कोवळे कोंब फुटतात आणि पहिल्याच हिमकणांत करपतात. शिवाय जुन्या फांद्यांचं जाळं खालच्या डोळ्यांना थोडा आडोसा देतं. कडक थंडी सरली, मार्च-एप्रिल उजाडला, की छाटायचं. चारपाच दणकट फांद्या ठेवून त्या भिंतीवरच्या तारांना बांधायच्या. त्यांना फुटलेल्या बाजूच्या फांद्या दोन-तीन डोळे राखून कापायच्या. मेलेलं सगळं काढून टाकायचं.

“बिचारी वेल!” असं वाटलं ना? पण कृष्णकमळाला फूल येतं ते त्या वर्षीच्या नव्या फुटीवर. म्हणजे कापणं ही शिक्षा नव्हे, नव्या फुलांना केलेली जागा आहे. खत मात्र बेतानं घाला. फार लाड केले, तर नुसतीच पानं माजतात.

गुंता सोडवताना जरा सावकाश. या वेलीचे ताणे भारी हुशार! चार्ल्स डार्विननं १८६५ साली वेलींवरचा आपला अभ्यास प्रसिद्ध केला. त्यात कृष्णकमळाच्या एका जातीचे ताणे त्यानं काडीनं स्पर्श करून पाहिले होते. साधारण अर्ध्या मिनिटातच त्यांची टोकं वळू लागली! हात नाही, डोळे नाहीत, तरी आधार ओळखायची केवढी घाई!

आपल्याकडे बहुतेक ठिकाणी हिमकण पडत नाहीत. पण कुंपणावरची वेल वाळकी दिसली, की “काढून टाका ती” असं घरात कुणीतरी म्हणतंच. तेव्हा तुम्ही पुढे व्हा. नखाची परीक्षा करा. आई-बाबांना सोबत घेऊन वाळलेलं तेवढं छाटा, आणि थोडे दिवस वाट बघा. (पानं आणि कच्ची फळं मात्र तोंडात घालू नका!)

एके दिवशी बुंध्याशी हिरवा ठिपका दिसेल. तो सगळ्यांत आधी तुम्हालाच दिसायला हवा. रोज बघाल ना?