टोमॅटिलो : एकटे झाड फळत नाही

हातातील काम मंदावले, दुकानात गिऱ्हाईक कमी झाले की घरच्या अंगणातून चार पैसे निघतील का, असा विचार आपल्यापैकी अनेक जण करतात. आम्हीही केला. त्यात आमचा शब्द मोडला. त्या चुकीतून जे शिकलो ते व्यापारी व कारागीर बांधवांपुढे ठेवीत आहोत.

टोमॅटिलो हे मूळ मेक्सिकोचे फळ. टोमॅटो, वांगे, मिरची यांच्याच कुळातील. आपल्याकडे पावसाळ्यात बांधावर उगवणारी चिरबोटी आणि हातगाडीवर येणारी रसभरी ही त्याची जवळची भावंडे. वरचे कागदासारखे कवचही तसेच. आत लिंबाएवढे हिरवे, आंबट फळ असते. मेक्सिकोत ते उकडून किंवा भाजून हिरवी मिरची, लसूण व कोथिंबिरीबरोबर वाटतात.

छत्रपती संभाजीनगर (औरंगाबाद) शहरातील एका आचाऱ्याला अशी चटणी करावयाची होती. फळ बाजारात मिळेना. "आम्ही देऊ," असे आम्ही सांगून बसलो. बी मागविले, उगवलेल्या रोपांतील सर्वांत जोमदार एक ठेवले व बाकीची उपटून टाकली. तेलाच्या रिकाम्या डब्यात झाड फोफावले, पिवळ्या फुलांनी भरले. पण फुले गळतच राहिली. आम्ही खत बदलून पाहिले, बी विकणाऱ्याला बोल लावला. अखेर आचाऱ्याकडे रिकाम्या हाताने जावे लागले.

दोष बियाण्याचा नव्हताच. टोमॅटोचे फूल स्वतःच्या परागाने फळते. टोमॅटिलोला मात्र सहसा त्याच झाडाचा पराग चालत नाही. मधमाशीने तो दुसऱ्या झाडावरून आणावा लागतो. म्हणून किमान दोन, शक्यतो तीन-चार झाडे जवळजवळ हवीत, तीही वेगवेगळ्या बियांपासून उगवलेली. एकाच झाडाची फांदी लावून दुसरे केले तर उपयोग नाही, कारण ते पहिल्याचेच रूप असते. फुलांच्या दिवसांत कीटकनाशक टाळावे, नाहीतर मधमाश्या मरतील.

लागवडीची रीत सोपी आहे. आपल्याकडील एप्रिल-मेच्या उन्हात फुले टिकत नाहीत. म्हणून बी जूनमध्ये किंवा पाऊस ओसरल्यावर टाकावे. बी बोटाच्या पेराच्या निम्म्याहून खोल नको. साधारण महिन्याभराने रोपे हलवावीत. जमिनीत दोन रोपांत तीन फूट अंतर ठेवावे किंवा मोठ्या डब्यात एकच रोप लावावे. डब्याच्या तळाला भोके पाडावीत, कारण साचलेल्या पाण्याने मूळ कुजते. फांद्या पसरतात, त्यांना काठीचा आधार द्यावा. शहरातील पाणीटंचाई सर्वांना ठाऊक आहे. भाज्या-तांदूळ धुतलेले पाणी किंवा वजूचे पाणी झाडांना चालते.

रोप हलविल्यापासून दोन-अडीच महिन्यांत तोडणी सुरू होते. फळाने कवच भरले व ते फाटू लागले की तोडावे. फळ हिरवे व घट्ट असतानाच चटणीला उत्तम. कवच काढल्यावर फळाला चिकटपणा असतो, तो धुवून काढावा. पाने, देठ व कवच खाऊ नये. कवचासह ठेवलेला माल शीतकपाटात दोन-तीन आठवडे टिकतो.

पुढच्या हंगामात आम्ही चार रोपे लावली. फळे लागली, घरी चटणी झाली आणि थोडा माल त्याच आचाऱ्याला दिला. त्याने घेतला, पण मधल्या काळात त्याने कच्च्या टोमॅटोवर काम भागवायला सुरुवात केली होती, त्यामुळे मागणी पूर्वीइतकी राहिली नव्हती.

म्हणून आमचा सल्ला एवढाच की, पहिला हंगाम घरच्या चुलीसाठी करावा, डबे, माती, बी यांचा खर्च व निघालेला माल वहीत मांडावा. या फळाला गिऱ्हाईक मोजके आहे. तेव्हा गिऱ्हाईक ठरल्याशिवाय झाडे वाढवू नयेत आणि झाडाला फळ दिसल्याशिवाय कोणाला शब्द देऊ नये.