तीस दिवसांचे मोल

सणसवाडी हे कारखान्यांचे गाव. कामगार कायदे येथे घरोघरी परिचित आहेत. मात्र खासगी महाविद्यालयातील प्राध्यापकास किंवा लिपिकास व्यवस्थापनाने सेवेतून दूर केले, तर दाद कोठे मागावी, हे पुष्कळांस ठाऊक नसते.

संलग्न महाविद्यालयांसाठी महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ अन्वये विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरण आहे. शाळा व उच्च माध्यमिक विद्यालयांसाठी १९७७ च्या अधिनियमानुसार शाळा न्यायाधिकरण आहे. बडतर्फी, सेवासमाप्ती अथवा पदावनतीचा आदेश हाती पडल्यापासून ३० दिवसांत अपील करावे लागते. विलंबास सबळ कारण नसेल, तर न्याय्य बाजूही दाराबाहेर राहते. म्हणून आदेशाची प्रत, पाकीट व मिळाल्याची तारीख जपावी. इतर तक्रारींसाठी विद्यापीठाची तक्रार निवारण समिती आहे. शिक्षकांना ग्रॅच्युइटी देणारी २००९ ची दुरुस्तीही सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये वैध ठरविली.

आपल्यातील अनेक जण संस्थांचे विश्वस्त आहेत, तर अनेकांच्या लेकीसुना तेथे शिकवितात. रीतसर चौकशीविना घाईने काढलेला आदेश रद्द झाल्यास पुनर्नियुक्तीसह थकीत वेतनाचा भार संस्थेवर येऊ शकतो. हुंडीची मुदत न चुकविणाऱ्या समाजाने हीही मुदत ध्यानी ठेवावी.