बालकांमधील नार्कोलेप्सी : प्रमाण आणि संभाव्य जोखीम घटक

प्रस्तावना

वर्गात बसल्या जागी डोळे मिटणारे मूल शिक्षकांच्या दृष्टीने आळशी ठरते, घरात त्याला ‘कुंभकर्ण’ म्हणून हिणविले जाते आणि प्रगतीपुस्तकावर ‘लक्ष नसते’ असा शेरा उमटतो. अशा बहुतेक मुलांच्या पेंगण्यामागे साधी कारणे असतात. रात्रीची अपुरी झोप, रक्तक्षय, टॉन्सिल वाढल्यामुळे झोपेत श्वासाला होणारा अडथळा ही त्यांपैकी काही. तथापि थोड्या मुलांच्या बाबतीत रात्री पुरेशी झोप मिळूनही दिवसा झोप आवरत नाही. ही झोप इच्छाशक्तीने टाळता येत नाही, कारण जागेपण टिकवून धरणारी मेंदूतील यंत्रणाच निकामी झालेली असते. या आजारास ‘नार्कोलेप्सी’ असे म्हणतात.

फ्रेंच वैद्य जेलिनो यांनी १८८० मध्ये या आजारास हे नाव दिले. पुढे अनेक दशके तो प्रौढांचाच आजार समजला गेला. अमेरिकेतील योस आणि डेली या डॉक्टरांनी १९६० मध्ये बालकांमधील नार्कोलेप्सीवर स्वतंत्र लेख प्रसिद्ध केला. तरीही बालपणी सुरू होणारा आजार म्हणून त्याच्याकडे गांभीर्याने पाहिले जाण्यास आणखी बराच काळ जावा लागला.

उद्दिष्टे व अभ्यासपद्धती

१) बालकांमधील नार्कोलेप्सीचे स्वरूप स्पष्ट करणे.
२) तिच्या प्रमाणाविषयीच्या उपलब्ध आकडेवारीचा अर्थ लावणे.
३) संभाव्य जोखीम घटकांचा परामर्श घेणे.
४) निदानातील विलंबाची कारणे शोधून शाळेची भूमिका मांडणे.

प्रस्तुत लेख वर्णनात्मक स्वरूपाचा असून तो प्रकाशित संशोधनावर, म्हणजेच दुय्यम साधनांवर आधारलेला आहे.

नार्कोलेप्सीचे स्वरूप

मेंदूच्या तळाशी असलेल्या हायपोथॅलॅमस या भागात चेतापेशींचा एक लहानसा समूह असतो. या पेशी ‘हायपोक्रेटिन’ किंवा ‘ओरेक्झिन’ नावाचे द्रव्य स्रवतात. १९९८ मध्ये दोन स्वतंत्र संशोधक गटांनी हे द्रव्य शोधून काढले, म्हणूनच त्यास दोन नावे आहेत. जागृती स्थिर ठेवणे आणि स्वप्नावस्थेतील झोपेला तिच्या मर्यादेत ठेवणे हे त्याचे कार्य होय. २००० मध्ये मृत रुग्णांच्या मेंदूंचा अभ्यास झाला, तेव्हा या पेशींपैकी ८५ ते ९५ टक्के पेशी नष्ट झाल्याचे आढळले.

या यंत्रणेच्या अभावी झोप व जागृती यांमधील सीमारेषा पुसट होते. सर्वसामान्य व्यक्तीस झोप लागल्यानंतर साधारण दीड तासाने स्वप्नावस्था येते. नार्कोलेप्सीच्या रुग्णास ती काही मिनिटांतच येऊ शकते. या अवस्थेत शरीराचे स्नायू निसर्गतः सैल पडलेले असतात. हीच शिथिलता जागेपणी अवतरली की रुग्ण पूर्ण शुद्धीवर असूनही त्याचे गुडघे लटपटतात, मान कलते किंवा तो खाली कोसळतो. या लक्षणास ‘कॅटाप्लेक्सी’ असे म्हणतात आणि बहुधा खळखळून हसणे हेच त्याचे निमित्त असते. झोप लागताना होणारे भास आणि जाग आल्यावर काही क्षण हातपाय न हलणे ही लक्षणेही याच गोंधळातून उद्भवतात.

आज या आजाराचे दोन प्रकार मानले जातात. पहिल्या प्रकारात हायपोक्रेटिनचा अभाव असतो व बहुधा कॅटाप्लेक्सी आढळते. दुसऱ्या प्रकारात कॅटाप्लेक्सी नसते आणि हायपोक्रेटिनचे प्रमाणही सहसा घटलेले नसते. पुढील विवेचन मुख्यतः पहिल्या प्रकारास अनुसरून आहे.

बालकांमधील लक्षणांचे वेगळेपण

प्रौढ रुग्ण झोप येत असल्याची तक्रार करतो. लहान मुलाला मात्र आपल्याला काही वेगळे होत आहे हे सांगता येत नाही. पाच-सहा वर्षांचे झाल्यावर दुपारची झोप सोडलेले मूल पुन्हा दिवसा झोपू लागते, हे पहिले लक्षण असू शकते. काही मुले झोपेशी झगडताना मंद होण्याऐवजी अधिकच चंचल, चिडचिडी व हट्टी होतात. त्यामुळे त्यांच्या वर्तनालाच दोष दिला जातो.

बालकांमधील कॅटाप्लेक्सीही वेगळी दिसते. आजाराच्या प्रारंभी अनेकदा हसण्यासारखे कोणतेही निमित्त नसताना चेहऱ्याचे स्नायू सैलावतात, पापण्या अर्धवट मिटतात, तोंड उघडे राहते आणि जीभ बाहेर येते. असे मूल वेडावून दाखवीत आहे असा पाहणाऱ्याचा समज होतो. अनेक मुलांचे वजन आजार सुरू झाल्यानंतर अल्पावधीत झपाट्याने वाढते, तर काहींमध्ये वयात येण्याची लक्षणे अकाली दिसू लागतात. ही वजनवाढ आजाराचा परिणाम असते. ‘जाड झाला म्हणून झोपाळू झाला’ असा उलटा निष्कर्ष काढला, की मूळ आजार नजरेआड होतो.

प्रमाण : आकडेवारी आणि तिचा अर्थ

प्रमाणाचा विचार करताना दोन संकल्पनांमधील भेद लक्षात घेणे आवश्यक आहे. एखाद्या वेळी लोकसंख्येत असलेले एकूण रुग्ण ही एक बाब होय, तर एका वर्षात नव्याने आजारी पडलेले रुग्ण ही दुसरी. नार्कोलेप्सी एकदा जडली की आयुष्यभर सोबत करते. त्यामुळे दरवर्षी मोजकेच नवे रुग्ण आढळले, तरी एकूण रुग्णांची संख्या साचत जाते.

सर्वसाधारणपणे दर लाख लोकसंख्येमागे २५ ते ५० रुग्ण असे प्रमाण मानले जाते. अमेरिकेतील मिनेसोटा राज्याच्या ओल्मस्टेड परगण्यातील नोंदींवरून २००२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात कॅटाप्लेक्सीसह नार्कोलेप्सीचे प्रमाण दर लाखास सुमारे ३६ आढळले. नव्या रुग्णांचे प्रमाण मात्र वर्षाला दर लाखास एकाहूनही कमी, म्हणजे ०.७४ होते. दोन्ही प्रकार एकत्र धरल्यास ते १.३७ इतके भरले. आयुष्याच्या दुसऱ्या दशकात, म्हणजे नेमक्या शालेय व महाविद्यालयीन वयात, नव्या रुग्णांचे प्रमाण सर्वाधिक असल्याचे याच अभ्यासातून स्पष्ट झाले. फ्रान्स व क्यूबेक येथील रुग्णांच्या अभ्यासातही आजाराच्या प्रारंभाचे वय पंधराच्या आसपास आणि पस्तिशीच्या आसपास अशा दोन टप्प्यांवर एकवटलेले दिसले, व त्यांपैकी पहिला टप्पा मोठा होता.

आशियातील आकडे एकसारखे नाहीत. जपानमधील शालेय वयाच्या मुलांच्या जुन्या पाहणीत हे प्रमाण ०.१६ टक्के, म्हणजे दर लाखास १६० इतके आढळले होते. दक्षिण कोरियात २००८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या, वीस हजारांहून अधिक किशोरवयीन विद्यार्थ्यांच्या पाहणीत ते केवळ ०.०१५ टक्के होते. ही तफावत सर्वस्वी वंशभेदाची मानता येत नाही. केवळ लक्षणे विचारून केलेली गणना आणि झोपेच्या प्रयोगशाळेत तपासून केलेली गणना यांत मोठे अंतर पडणे स्वाभाविक आहे.

या आकड्यांचा व्यवहारातील अर्थ एका साध्या गणिताने कळू शकतो. दर लाखास २५ ते ५० म्हणजे दोन ते चार हजार व्यक्तींमागे एक. एखाद्या शिक्षकाने तीस वर्षांच्या सेवेत दरवर्षी शंभर नवे विद्यार्थी शिकविले, तर त्याच्या हाताखालून तीन हजार विद्यार्थी जातात. त्यांपैकी एखाद्यास हा आजार आज ना उद्या जडणार, आणि निम्म्याहून अधिक रुग्णांत तो अठराव्या वर्षाच्या आतच सुरू होतो. हा आजार दुर्मीळ आहे हे खरे, परंतु शाळेच्या उंबरठ्याबाहेरचा मात्र नाही.

संभाव्य जोखीम घटक

अ) आनुवंशिक घटक : १९८४ मध्ये जपानी संशोधकांनी नार्कोलेप्सी आणि एचएलए गटातील एक विशिष्ट खूण यांचा संबंध दाखवून दिला. स्वकीय व परकीय पेशींची ओळख पटविण्याच्या कामी रोगप्रतिकारशक्तीला एचएलए रेणूंचा उपयोग होतो. पुढील संशोधनातून ‘डीक्यूबी१*०६:०२’ हे जनुकरूप निश्चित झाले. पहिल्या प्रकारच्या ९५ टक्क्यांहून अधिक रुग्णांत ते आढळते. परंतु अनेक समाजांत निरोगी लोकांपैकीही साधारण आठव्या ते तिसऱ्या हिश्शाच्या लोकांत ते असतेच, आणि त्यांतील बहुतेकांना हा आजार कधीही होत नाही. एकसारख्या जुळ्यांपैकी एकास नार्कोलेप्सी असता दुसऱ्यास ती होण्याचे प्रमाण सुमारे २५ ते ३१ टक्केच आहे. रुग्णाच्या सख्ख्या भावंडांत वा अपत्यांत हा धोका केवळ एक ते दोन टक्के असतो. यावरून आनुवंशिकता ही पूर्वतयारी आहे, पुरेसे कारण नव्हे, असे म्हणावे लागते.

आ) संसर्ग : ज्यांचा आजार नुकताच सुरू झाला आहे अशा रुग्णांत स्ट्रेप्टोकोकस जिवाणूविरुद्धची प्रतिपिंडे अधिक प्रमाणात असल्याचे २००९ मध्ये निदर्शनास आले. हे जिवाणू घसादुखीस कारणीभूत ठरतात. बीजिंग येथील ९०६ रुग्णांच्या अभ्यासातून आजाराच्या प्रारंभास ऋतूंचे चक्र असल्याचे दिसले. हिवाळा सरल्यावर, एप्रिलच्या सुमारास, प्रारंभाचे प्रमाण सर्वाधिक होते. २००९ मधील एच१एन१ इन्फ्लुएंझाच्या साथीनंतर तेथे नवे रुग्ण सुमारे तिपटीने वाढले. विशेष म्हणजे माहिती देणाऱ्या १४२ रुग्णांपैकी केवळ ८ जणांनी साथीची लस घेतलेली होती. यावरून विषाणूचा संसर्गही आजारास चालना देत असावा असे अनुमान निघते.

इ) फिनलंड व स्वीडन येथील अनुभव : याच साथीत युरोपमध्ये तीन कोटींहून अधिक लोकांना ‘पॅन्डेमरिक्स’ ही लस देण्यात आली. तिच्यात प्रतिकारशक्तीला अधिक उत्तेजित करणारे ‘एएस०३’ हे सहायक द्रव्य होते. ऑगस्ट २०१० मध्ये स्वीडन व फिनलंड येथे लसीकरणानंतर नार्कोलेप्सी झालेल्या मुलांची नोंद होऊ लागली. फिनलंडमध्ये २००२ ते २००९ या काळात सतरा वर्षांखालील मुलांमध्ये वर्षाला दर लाखास सरासरी ०.३१ नवे रुग्ण आढळत. २०१० मध्ये हे प्रमाण ५.३ वर, म्हणजे सुमारे सतरा पटींवर गेले. त्या वर्षी निदान झालेल्या ५४ मुलांपैकी ५० मुलांना आजारापूर्वीच्या आठ महिन्यांत ही लस मिळालेली होती. ज्या ३४ मुलांची जनुकीय तपासणी झाली, त्या सर्वांत वर उल्लेखिलेले जनुकरूप आढळले. वीस वर्षांवरील व्यक्तींमध्ये अशी वाढ त्या वर्षी दिसली नाही. पुढे इंग्लंडमधील अभ्यासातही मुलांच्या बाबतीत असाच संबंध आढळला.

या घटनेचा अर्थ तोलून-मापून लावला पाहिजे. लस घेतलेल्या मुलांपैकी अत्यल्प मुलांनाच हा आजार झाला, आणि हा संबंध मुख्यतः एका विशिष्ट लसीपुरताच दिसून आला. ऑगस्ट २००९ मध्ये भारतातील स्वाइन फ्लूचा पहिला बळी पुण्यात गेला होता. पुढील वर्षी तेथीलच सीरम इन्स्टिट्यूटने काढलेली लस नाकावाटे द्यावयाची व सर्वस्वी भिन्न घडणीची होती. त्यामुळे फिनलंडच्या अनुभवावरून सरसकट सर्व लसींविषयी भीती बाळगणे अशास्त्रीय ठरेल. जनुकीय पूर्वतयारी, विशिष्ट वय आणि प्रतिकारशक्तीला मिळालेली चालना हे तीन घटक एकत्र आले असता आजार उद्भवू शकतो, हा या घटनेचा खरा बोध होय. २०१८ मध्ये रुग्णांच्या रक्तात हायपोक्रेटिनलाच लक्ष्य करणाऱ्या टी-पेशी आढळल्या. शरीराची संरक्षक व्यवस्थाच या चेतापेशींवर उलटत असावी, या मताला त्यामुळे बळ मिळाले.

ई) इतर कारणे : डोक्यास गंभीर इजा, हायपोथॅलॅमसजवळील गाठ किंवा नीमन-पिक ‘सी’ यांसारखे चयापचयाचे दुर्मीळ विकार यांमुळेही नार्कोलेप्सीसदृश स्थिती निर्माण होते. म्हणून अगदी लहान वयात लक्षणे दिसल्यास मेंदूची प्रतिमा-तपासणी महत्त्वाची ठरते.

निदानातील विलंब आणि शाळेची भूमिका

पहिल्या लक्षणापासून निदानापर्यंत आठ ते पंधरा वर्षे लोटल्याचे अनेक अभ्यासांत नमूद आहे. बालपणी सुरू झालेल्या आजाराचे नाव रुग्णास तरुणपणी कळते, असा याचा अर्थ होतो. मधल्या काळात कोसळण्यावरून अपस्माराचे, चंचलतेवरून अवधानदोषाचे आणि भासांवरून मनोविकाराचे निदान होण्याचा संभव असतो. या भासांची भीती वाटणारे मूल ते कोणाला सांगतही नाही.

निदानासाठी रात्रभर झोपेची तपासणी करून दुसऱ्या दिवशी दोन-दोन तासांच्या अंतराने डुलकी घेण्याच्या चार-पाच संधी दिल्या जातात. झोप लागण्यास सरासरी आठ मिनिटे वा त्याहून कमी वेळ लागणे आणि किमान दोनदा झोप लागताच स्वप्नावस्था येणे ही आजाराची खूण मानली जाते. मेरुद्रवातील हायपोक्रेटिनचे प्रमाण दर मिलिलिटरला ११० पिकोग्रॅम किंवा त्याहून कमी असणे हा आणखी निर्णायक पुरावा होय.

नष्ट झालेल्या चेतापेशी परत आणणारा उपचार नाही. परंतु जागृती राखणारी व कॅटाप्लेक्सी रोखणारी औषधे तज्ज्ञांच्या देखरेखीखाली देता येतात. औषधांइतकेच दिनक्रमाला महत्त्व आहे. दुपारी ठरावीक वेळी पंधरा-वीस मिनिटांची झोप मिळाल्यास मूल पुढील काही तास लक्ष देऊ शकते. यासाठी शाळेत एखादी शांत खोली पुरेशी असते. परीक्षेत मधली विश्रांती देणे, पोहताना वा उंचावर चढताना सोबत ठेवणे आणि वर्गमित्रांना आजाराची समज देणे या गोष्टींना विशेष खर्च येत नाही.

निष्कर्ष

१) नार्कोलेप्सी दुर्मीळ असली तरी तिचा प्रारंभ बहुधा शालेय व किशोर वयात होतो. म्हणून ती मूलतः बालकांच्या आरोग्याचा प्रश्न आहे.
२) प्रमाणाच्या आकड्यांमधील तफावत गणनेच्या पद्धतीवरही अवलंबून असते. जेथे आजार ओळखलाच जात नाही, तेथे तो अस्तित्वात नाही असा भास होतो.
३) जनुकीय पूर्वतयारी आवश्यकप्राय असली तरी ती पुरेशी नाही. संसर्गासारख्या बाह्य निमित्ताची तिला जोड मिळावी लागते. मुलाचा आळस किंवा पालकांचे संगोपन यांपैकी काहीही या आजाराचे कारण नाही.
४) दिवसा पुन्हा झोपू लागणे, हसताना गुडघे लटपटणे आणि वजन झपाट्याने वाढणे ही लक्षणे एकत्र दिसल्यास मुलाला मेंदूविकार वा निद्राविकार तज्ज्ञाकडे पाठविणे इष्ट ठरते.

मुलाच्या दिवसाचा मोठा भाग वर्गात जात असल्यामुळे त्याची झोप सर्वप्रथम शिक्षकाच्या नजरेस पडते. त्या झोपेवर शेरा लिहिण्यापूर्वी पालकांना बोलावून तिची चौकशी केली, तर निदानापर्यंतची अनेक वर्षे वाचू शकतात.